आमच्या मजल्यावरचं कोर्ट

"पेपरात नाव आलं म्हणजे केलंच असणार. सून तरी साधी वाटते हो!" शेजारच्या कदम काकू जिन्यात माझ्या सासूबाईंना सांगत होत्या. मी दाराआड, हातात कचऱ्याचा डबा. लग्नाला चार महिने झाले होते. माझा धाकटा भाऊ नंदू काशीगावच्या गोडाऊनमध्ये सुपरवायझर. तिथल्याच चोरीच्या केसमध्ये आरोपी, जामिनावर. भाऊबीजेला त्याला घरात घ्यायचं का, यावर आमच्याकडे खल चालला होता. असे किस्से गप्प बसणाऱ्याकडेच जास्त साठतात!

*

गोडदेवच्या आमच्या मजल्यावर चार घरांत मिळून एकच पेपर. सासऱ्यांपासून, म्हणजे अण्णांपासून, निघायचा आणि दारोदार फिरायचा. एकदा ठाण्याच्या कोर्टात जज रजेवर, म्हणून पुढची तारीख पडली. इकडे चहा होईपर्यंत अण्णांनी नंदूला सात वर्षं दिली!

"आणि अपील?" नवऱ्याने विचारलं.

"फेटाळलं!"

*

वॉचमनने कोर्टात सांगितलं, "मी नंदूला पाहिलंच नाही." पेपरात मथळा: 'साक्षीदार फिरला!'

समोरच्या मीनाबेन म्हणाल्या, "देखा? गवाह को भी घुमा दिया!"

मी हळूच विचारलं, "और वो सच बोल रहा हो तो?"

त्या म्हणाल्या, "तो फिर वैसा छापते ना!"

*

मग नंदूचा फोटो आला. कदम काकू म्हणाल्या, "नजर बघा, सराईत!"

मी आतून लग्नाचा अल्बम आणला. तोच फोटो, पेपरात फक्त शेजारची मी कापलेली. लग्नानंतर हाच अल्बम बघताना याच काकू म्हणाल्या होत्या, "भाऊ अगदी हिरो दिसतो गं!"

काकूंनी दोन्ही फोटो शेजारी धरून पाहिले. "तेव्हा कुठे माहीत होतं!"

*

शेवटी अण्णांनी भाऊबीजेला परवानगी दिली. "येऊ दे, पण सकाळी सहाला. मजला उठायच्या आत."

मी नंदूला फोन केला, "अकराला ये."

तो पाटावर बसतोय तोच सोसायटीचे सेक्रेटरी दारात. "सूनबाई, हे त्याच्याच घरी केलं असतं तर? पेपरवाले आले, तर उगाच बिल्डिंगचं नाव छापून येईल."

सासूबाईंनी माझ्या नवऱ्याकडे पाहिलं, नवऱ्याने पंख्याकडे. नंदू उठायला लागला. मी त्याला खांद्याला धरून खाली बसवलं आणि दार सताड उघडलं. काकू आणि मीनाबेन पॅसेजमध्येच होत्या. सगळ्या मजल्याला ऐकू जाईल अशा आवाजात मी म्हणाले,

"येऊ द्या की काका! बिल्डिंगचं नाव तुम्हीच नीट लिहून द्या. आणि माझंही घाला. आरोपीला बहिणीने ओवाळलं, दिवसाढवळ्या, दार उघडं ठेवून!"