रिकाम्या घराचा धनी

"घर रिकामं दिसलं म्हून ते बेवारस नसते. मालक कोठी कामाले गेला, ते इचारा आधी."

हे मानीबाई जनगणनेच्या एका मोजणीवाल्याला म्हणाली होती. दारव्ह्यापासून चार मैलांवर, माळाच्या उतारावर तिचा तांडा. कापसाची वेचणी भरात आलेली, बायामाणसं, लेकरं सगळी वावरात, आणि हा गडी डोक्याला रुमाल बांधून एकेका दारात डोकावत वहीत 'रिकामे', 'रिकामे' असं लिहीत चालला होता. अकरा घरं त्यानं अशी निकालात काढली. मानीबाई तेवढी तांड्यात होती, एका बाळंतिणीला शेक देत. ती बाहेर आली आणि तिनं त्याला पेन्सिल खाली ठेवायला लावली. संध्याकाळी हे ऐकून तिचा मुलगा प्रेमसिंग पोट धरून हसला.

"याडी, आता सरकारसंगं बी भांडतं काय तू?"

तांड्यात आईला याडी म्हणतात. मानीबाईला सगळा तांडाच याडी म्हणे, कारण चाळीस वर्षं तिथलं प्रत्येक मूल आधी तिच्या हातात पडलं होतं. ती रागीट होती. लोक म्हणत, राग घेऊनच जन्मली. तसं नव्हतं. चुलीमागच्या भिंतीवर काजळी धरते तसा तो थराथरानं धरत गेला होता.

त्यातला एक जाड थर शाळेचा. जवळच्या गावात शाळा निघाली तेव्हा गुरुजींनी तांड्यातली पोरं दाखल करून घेतली आणि सगळ्यांची जन्मतारीख एकच मांडली, एक जुलै. साल तेवढं अंदाजानं मागंपुढं. मानीबाईला कोणी विचारलं नाही. तिला अक्षर येत नव्हतं, पण कोण कधी जन्मलं ते तिच्याइतकं कोणालाच ठाऊक नव्हतं. खेमसिंग पेरणीतला, तिफण वावराच्या धुऱ्यावर उभी असताना झालेला. त्याची बहीण कापूस संपून पऱ्हाटी उपटायच्या दिवसांतली. आणि तिची स्वतःची नात चंदा वेचणीतली, भर दुपारची, पाटलाच्या वावरात पऱ्हाटीच्या ओळीच्या टोकाला. सुनेच्या ओटीतला कापूस मानीबाईनं मातीवर पसरला होता, त्यावर पोरीला झेललं होतं आणि विळा दिव्यावर धरायला दिवा नव्हता म्हणून उन्हात तापलेल्या दगडावर घासून नाळ कापली होती.

तारखेची गोष्ट तिला बऱ्याच वर्षांनी कळली. ती शाळेत गेली आणि गुरुजींसमोर उभी राहिली.

"एका दिवसात म्या चाळीस बाळंतपणं केली काय, गुरुजी?"

गुरुजी हसले. त्यांना वाटलं, म्हातारी गंमत करते आहे.

मग बासष्ट साल उजाडलं. त्या पौषात आठ ग्रह एका राशीत येणार, पृथ्वी बुडणार, अशी हाकाटी झाली. गावोगाव होमहवन झाले. पृथ्वी काही बुडाली नाही, पण घाटंजीकडच्या एका तांड्यातला गुलाबसिंग तेवढ्यात बुडाला. भीतीपोटी तो जोश्यांच्या दारांत बसायला शिकला, आणि भीती गेल्यावर सवय उरली. त्याचा मुलगा सेवादास यष्टीत कंडक्टर. चंदाची सोयरीक त्याच्याशी ठरत आलेली. गुलाबसिंगानं निरोप धाडला: पोरीची पत्रिका पाहिजे. शहरातली माणसं पाहतात तशी पाहू.

त्या तांड्यात तोवर कोणाची पत्रिका झाली नव्हती. प्रेमसिंग चंदाचा शाळेचा दाखला घेऊन दारव्ह्याला जोशीमहाराजांकडे गेला. महाराजांनी तारीख उतरवून घेतली, एक जुलै चव्वेचाळीस, आणि वेळ विचारली. प्रेमसिंगाला वेळ ठाऊक नव्हती. मग त्यानं आपल्यापरीनं जुळवलं: तारीख शाळेची, तर वेळही शाळेचीच द्यावी लागत असेल. घंटा साडेदहाला होते.

"साडेदहा," तो म्हणाला. "सकाळचे."

पत्रिका झाली, गुलाबसिंगाकडे गेली, आणि आठव्या दिवशी उलटा निरोप आला. पोरीच्या लग्नाचं घर रिकामं आहे. सोयरीक नको.

मानीबाईनं दोन दिवस मुलाशी बोलणं टाकलं. तिसऱ्या दिवशी बोलली.

"कोठी हाये ते घर? दाखव मले. माह्या नातीचं घर, अन् मलेच ठावं नाही?"

"कागदावर हाये, याडी."

"कागद कोनं लिहिला?"

प्रेमसिंगानं सगळं सांगितलं. साडेदहासुद्धा. ज्या बाईनं पोरगी झेलली तिच्या शेजारी हा माणूस रोज भाकर खात होता.

ठरलं असं, की दोन्ही बाजूंनी महाराजांसमोर बसून एकदा शहानिशा करायची. निघायच्या दिवशी पहाटे चंदा मानीबाईची वेणी घालायला बसली.

"याडी, तू तेथी भांडू नको."

"काहून?"

"त्यानं मले दोनदा पाह्यलं. म्या बी पाह्यलं." चंदानं वेणीचा पेड घट्ट ओढला. "मले तो पाह्यजे."

चंदानं आयुष्यात काही मागितलेलं मानीबाईला आठवेना. खायचं पुढं आलं ते खाल्लं, काम पुढं आलं ते केलं. हे पहिलंच मागणं होतं, आणि ते गप्प बसायचं मागणं होतं.

महाराजांच्या ओसरीवर गुलाबसिंग आणि प्रेमसिंग सतरंजीवर बसले. मानीबाईला कोणी बस म्हटलं नाही. ती पायरीजवळ भुईवर बसली. महाराजांनी चष्मा लावला.

"हे वाचलं कोणी?"

"घाटंजीच्या बाजारात एक जन बसते," गुलाबसिंग म्हणाला. "पोपटवाला."

"पोपटानं वाचलं?"

"नाही जी. मालकानं."

"पोपटाला विचारायचं होतं." महाराजांनी कागद मांडीवर पसरला. "गुलाबसिंग, घरं बारा, ग्रह नऊ. एकेका घरात एकेक बसवला तरी तीन उरतात. आणि ग्रह काही पंगतीला बसल्यासारखे ओळीनं बसत नाहीत. माझ्या पत्रिकेत सहा घरं रिकामी आहेत. पौषात ते आठ जण एका घरात कोंबले होते, त्या दिवशी जन्मलेल्याची तर दहा रिकामी. काय, जगायचं नाही त्यानं?"

त्या दिवशी जन्मलेलं एक मूल मानीबाईच्याच हातचं होतं. पायाळू. अर्धा दिवस झुंजली होती ती त्याच्यासाठी. आता ते मान धरायला लागलं होतं.

"रिकामं घर म्हणजे त्यात ग्रह बसलेला नाही, एवढंच. म्हणून ते घर मेलं नाही. त्याला धनी असतोच. धनी कुठं जाऊन बसला, ते पाहायचं." महाराजांचं बोट कागदावर फिरलं. "हे सातवं, लग्नाचं. कुंभ रास. कुंभेचा धनी शनी. तो गेलाय अकराव्यात, लाभाच्या घरात. आणि पहिल्या घरातून गुरू सरळ सातव्याकडं पाहतोय. धनी कमवायला गेलाय आणि घरावर थोरल्याची नजर आहे. यात वाईट काय?"

"असं सांगा न," गुलाबसिंग मोकळा होत म्हणाला.

प्रेमसिंगानं हात जोडले. मानीबाईला आपलेच शब्द ओळखू आले. मालक कोठी गेला ते विचारा. हेच तिनं त्या मोजणीवाल्याला सांगितलं होतं आणि हाच प्रेमसिंग पोट धरून हसला होता. आता तेच सतरंजीवरून आलं तर त्यानं हात जोडले. आणि तेही कोणाच्या घराबद्दल? जुलैच्या एक तारखेला सकाळी साडेदहाला तांड्यात कोणीच जन्मलं नव्हतं. जी पोरगी कधी झालीच नाही, तिच्या रिकाम्या घराचा धनी ही तीन शहाणी माणसं शोधत होती. खरी पोरगी घरी शेणानं अंगण सारवत होती.

"पन महाराज," गुलाबसिंग म्हणाला, "वेळ चुकली तर?"

"तर घरं सरकतात. तारीख चुकली तर ग्रहही."

"मंग पक्कं पाह्यजे. म्या साफ सांगतो, आता एक जरी शंका निघाली तर म्या उठलो. दिग्रसकडची सोयरीक दारात हाये." त्यानं पिशवीतून गुळाचा खडा काढला, फोडला. तांड्यात दोन्हींकडच्या वडीलधाऱ्यांनी गूळ खाल्ला की सगाई झाली, मग बोट दाखवायला कोणाला जागा राहत नाही. एक तुकडा त्यानं स्वतः खाल्ला, एक प्रेमसिंगाला दिला. मग उठून पायरीपाशी आला आणि उरलेला मोठा खडा मानीबाईपुढं धरला.

"याडी, पोरगी तुमच्या हातची. तुमाले तर ठावं असन. एक जुलै, साडेदहा. बराबर हाये न?"

प्रेमसिंगाचा गूळ तोंडात तसाच राहिला. महाराज चष्म्यावरून म्हातारीकडे पाहत होते. तिचा चेहरा त्यांनी वाचला असावा, कारण त्यांनी मान खाली घालून कागदाची घडी करायला घेतली.

मानीबाईच्या तोंडाशी सगळं आलं होतं. भर दुपार. मातीवर पसरलेला कापूस, त्यावरचं रक्त. तापलेला दगड, विळा. शाळेत घातलेली चाळीस लेकरं, पेरणीतली, वेचणीतली, आणि त्या सगळ्यांवर कोणा एकानं शाईनं ओढलेली एकच तारीख. एक शब्द उच्चारला असता तर ती ओसरी तिनं सतरंजीसकट उलटी केली असती. पण त्या शब्दापलीकडे पहाटेची चंदा बसली होती, हातात वेणीचे तीन पेड धरून.

तिनं गुलाबसिंगाच्या तळहातावरून खडा उचलला. एका माणसाच्या तोंडात मावेल त्याहून तो मोठा होता. तिनं तो सगळाच्या सगळा तोंडात कोंबला. गाल फुगले, डोळ्यांत पाणी आलं, पण तिनं तो चावला नाही.

"झालं," गुलाबसिंग म्हणाला. "आता कोनी काई बोलाचं नाही."

मानीबाई पायरीवर हात टेकून उठली, पदर डोक्यावर ओढला, वहाणा पायात सरकवल्या आणि गाल तसेच फुगलेले ठेवून फाटकाबाहेर निघून गेली.