अण्णा विरुद्ध सरकार

ऑफिसचा फोन आला की आमचे अण्णा उभे राहायचे. जेवत असले तरी डाव्या हातात फोन, उजवा हात आमटीनं माखलेला, आणि पाठ ताठ. पाटबंधारे खात्यातली त्यांची सगळी नोकरी उजनीच्या कालव्यांवर गेली. साहेब आला की उभं राहायचं, हे अंगात मुरलेलं होतं आणि निवृत्तीनंतरही ते गेलं नाही. तुम्ही बसलाय ते साहेबाला दिसतंय का, असं मी चिडवायची. आवाजात कळतं, असं ते म्हणायचे.

निवृत्त होऊन दोन वर्षं होत आली तरी त्यांना ग्रॅच्युइटी मिळाली नव्हती, पेन्शनही तात्पुरतीच चालू होती. सेवापुस्तक पडताळणीला गेलं होतं आणि तिथंच घोडं अडलं होतं. एक ऑफिस म्हणायचं पाठवलंय, दुसरं म्हणायचं आलंच नाही. अण्णा आपले विनंती अर्ज देत राहायचे, खाली 'आपला आज्ञाधारक' लिहून. इकडे आईचा गुडघा पार झिजला होता आणि ऑपरेशन या पैशांवर अडलं होतं. मी कर्ज काढते म्हटलं तर दोघं एका सुरात नको म्हणाली. एरवी त्यांचं मिठावरसुद्धा एकमत होत नाही.

शेवटी मी अण्णांना कोर्टाजवळच्या एका वकीलबाईंकडे नेलं. बाईंनी आधी खात्याला नोटीस पाठवली. तिला उत्तर आलं नाही, तेव्हा त्या म्हणाल्या की आता प्रशासकीय न्यायाधिकरणात अर्ज करू, उशीर खात्यामुळं झालाय म्हणून व्याजही मागू. अण्णा मान डोलावत होते. मग बाईंनी सहीसाठी कागद पुढं केला. वर अण्णांचं नाव होतं, खाली महाराष्ट्र शासन, आणि मधे एकच शब्द, 'विरुद्ध'.

"मी सरकारच्या विरुद्ध न्हाय," अण्णा म्हणाले आणि त्यांनी पेनाला टोपण लावलं.

ती नुसती लिहायची पद्धत आहे, असं बाईंनी परोपरीनं सांगितलं. ज्यांचं मीठ खाल्लं त्यांच्यावर उलटायचं कसं, हेच अण्णांचं पालुपद. मला असा राग आला की रिक्षात मी त्यांच्याकडं पाठ करूनच बसले.

घरी आई ओट्याला टेकून, एका पायावर भार देऊन भाकरी थापत होती. मी चहाडी करावी तसं तिला सगळं सांगितलं. तिनं तव्यावरची भाकरी उलटली आणि अण्णांकडं न बघताच म्हणाली, "एवढी वर्सं मी तुमच्याशी भांडले. म्हणून काय तुमच्या विरुद्ध झाले व्हय? भांडण हक्काच्या माणसाशीच असतंय की."

अण्णांनी भाकरी संपवली. हात धुऊन आल्यावर त्यांनी मला विचारलं की वकीलबाईंचं ऑफिस उद्या किती वाजता उघडतं.

दुसऱ्या दिवशी सही झाली. सवयीनं अण्णांनी सहीच्या वर 'आपला आज्ञाधारक' लिहिलं, तेव्हा बाई हसल्या आणि त्यांनी दुसरी प्रत काढली. पुढं तारखा पडत गेल्या आणि निकाल आमच्या बाजूनं लागला. खात्यानं सगळी रक्कम व्याजासह द्यायची होती. मी पेढे आणले, तर अण्णांचा पहिला प्रश्न, यात साहेबांना काही त्रास तर होणार नाही ना? मला हसू आलं आणि त्यांच्याविषयी मायाही वाटली.

ऑफिसचा फोन आला त्या संध्याकाळी आई पलंगावर बसली होती आणि अण्णा तिचा पाय मांडीवर घेऊन गुडघ्याला कोमट तेल चोळत होते. साहेबांचा आवाज ऐकून आईनं समजून पाय मागं घ्यायला सुरुवात केली. अण्णांनी तो धरून ठेवला. साहेब सांगत होते, बिल मंजूर झालंय, पैसे या आठवड्यात जमा होतील.

"लई उपकार झाले, साहेब," अण्णा म्हणाले. "पण आज बसूनच बोलतोय. हिचा पाय मांडीवर हाय."