कमी केलेला हप्ता

विट्याच्या घरासाठी कर्ज काढताना मी हप्ता कमी करून घेतला, जणू साडीचाच भाव पाडत होते. आठ वर्षांचं कर्ज पंधरावर गेलं आणि मी महामूर्ख, लढाई जिंकल्यासारखी पदर सावरत उठले.

पतसंस्थेतल्या त्या कारकुनाची एक खोड होती. वाईट काही सांगायचं असलं, की तो आधी चष्मा काढून सदऱ्याला पुसायचा आणि टेबलाकडे बघत बोलायचा. त्या दिवशीही पुसला.

"वैनी, सुरवातीची वरसं हप्ता समदा व्याजच खातंय. मुद्दल हलत न्हाई. घर दोनदा इकत घेतल्यागत हुईल. दादांना इचारा एकदा."

"त्यांना काय विचारायचं? वर्षं काय, जातात!"

दादा म्हणजे आमचे हे. लांब कोइमतूरला सोनं गाळायच्या दुकानात होते. कर्ज फिटलं की कायमचं घरी यायचं, असं आमचं ठरलेलं. म्हणजे वरची सात वर्षं मीच तोंडाने मागून घेतली. दिवाळीला येऊन ते गेले, की आठवडाभर त्यांची उशी मी कुणाला शिवू द्यायची नाही.

परवा शेवटचा हप्ता भरला आणि पंख्याखाली गप्पा मारत बसले. या वयात घरी जायला नव्या नवरीसारखी लाज वाटत होती.

"दादा आलं का?" कारकुनाने विचारलं.

"काल रात्री. आता कायमचे."

"आन् तुमी हितं बसलाय व्हय? आवं, उठा की वैनी, जावा घरी!"