वैशूच्या लग्नातली थीमवाली

घरात आल्या आल्या तिने मला पहिलाच प्रश्न विचारला, "काका, मम्मी को कौनसा कलर सूट करेगा?" मी भिंतीकडे बोट केलं. तिथे वैशूच्या आईचा फोटो होता, हार घातलेला, खाली उदबत्ती. बाई "सॉरी काका" म्हणाली, हातातल्या पाटीएवढ्या फोनवर काहीतरी टिपलं आणि म्हणाली, "कोई बात नहीं, फोटो को भी थीम में ले लेंगे." तिथून तिचं नाव थीमवाली पडलं. खरं नाव तिने सांगितलं होतं, मी लक्षात ठेवलं नाही.

तिला मी बोलावलं नव्हतं. वैशूची आई गेली त्याला सात महिने झाले होते. आमच्यात घरातलं माणूस गेलं की ठरलेलं लग्न वर्षाच्या आत उरकतात, नाहीतर तीन वर्षं थांबतात. जावई इथेच गुजरातेत, हजीऱ्याला कंपनीत, तो थांबायला तयार होता. त्याची आई तयार नव्हती. वैशू म्हणाली, "अप्पा, घरात बाईमाणूस नाही, कोण करणार सगळं? आपण इव्हेंटवाली लावू." म्हणजे जे काम तिच्या आईने पदर खोचून केलं असतं, त्याला आता गॉगल डोक्यावर चढवलेली, वॉकीटॉकीवाली बाई. आमच्या कोसाडच्या वसाहतीत वॉकीटॉकी घेऊन आजवर फक्त पोलीस आले होते. शेजारचे दाराशी जमले आणि काय चोरीला गेलं म्हणून विचारायला लागले.

तिचं आवडतं वाक्य एकच. काहीही विचारा, "काका, टेन्शन नहीं लेवानुं." जेवणात पुरणपोळी आहे का? टेन्शन नहीं लेवानुं. म्हणजे नव्हती. गुरुजींना निरोप गेला का? टेन्शन नहीं लेवानुं. म्हणजे गेला नव्हता. मला तर हे वाक्य ऐकलं की घाम फुटायचा.

दुसरं वेड रंगाचं. सगळं पिस्ता पाहिजे. मांडव पिस्ता, खुर्च्यांचे झगे पिस्ता, पत्रिका पिस्ता. मी म्हटलं, "बाई, तीस वर्षं उधन्याला मागावर उभा राहिलोय. हजार रंगांची साडी हाताखालून गेली. लग्नाला लाल-पिवळा लागतो." ती म्हणाली, "काका, वो कैमरा में भड़क दिखता है." बरोबर आहे. लग्न कॅमेऱ्याचं होतं, आम्ही आपले पाहुणे.

हळदीला तिने सगळ्यांना पिवळे गॉगल वाटले. हळद मात्र दोन बोटं गालाला लावायची, मेकअप जातो म्हणून. माझी मेहुणी इंदू गावाहून आली होती. गॉगल हातात धरून ती मला म्हणाली, "दाजी, ही हळद हाय का काविळीचा दवाखाना?" मग तिने थीमवालीलाच धरलं आणि कोपरापर्यंत हळदीने माखलं. बाई किंचाळली, पण त्या दिवसात ती पहिल्यांदा हसली तीही तेव्हाच.

खरी गंमत कागदावर होती. लग्नाच्या दिवशी कधी काय, याचा तिने छापील कागद आणला. त्यात वरमाला अकरा वाजता, फिरत्या स्टेजवर, धुरात. मुहूर्त बारा पस्तीसचा. मी विचारलं, "अकराला हार घातले तर बारा पस्तीसला काय करायचं?"

"तब आपका मुहूर्त होगा ना, काका."

"अगं, मुहूर्ताला हारच घालतात. आधी मंगलाष्टकं, मग अंतरपाट काढायचा, मग हार. आधीच घातले तर लग्न लागलंच की. भटजी काय हवा खायला येणार?"

तिने आजवर सगळी गुजरात्यांची लग्नं केलेली. ती विचारात पडली. "लेकिन बीच में कपड़ा है तो दोनों एक-दूसरे को देखेंगे कैसे? फोटो कैसे आएगा?"

"दिसू नये म्हणूनच तो धरतात, बाई."

तिने थोडा वेळ पेन चावलं. मग डोळे चमकले. "नेट का लेंगे. आरपार दिखेगा. पिस्ता."

हे सगळं मी गिळलं असतं. पण त्याच कागदावर पुढची ओळ वैशूने मला वाचून दाखवली. कन्यादान, चाचा-चाची.

वैशूची आई दवाखान्यात शेवटचं शुद्धीत बोलली तेव्हा तिने माझा हात धरून एवढंच सांगितलं होतं, "पोरीचा हात तुम्हीच द्या. दुसऱ्याच्या हातून देऊ नका." आणि या बाईने माझा धाकटा भाऊ आणि त्याची बायको शोभा यांना बसवून टाकलं होतं, का तर जोडी पाहिजे, फोटोत एकटा माणूस बरा दिसत नाही. शोभाने त्यासाठी साडीसुद्धा घेऊन ठेवली होती. पिस्ता.

मागाच्या आवाजात आयुष्य गेल्यामुळे मी साधं बोललो तरी शेजारच्या बिल्डिंगीत ऐकू जातं. त्या दिवशी तर मी ओरडलो. "कन्यादान मी करणार. बायको नसली तर नवऱ्याने कमरेला सुपारी खोचायची आणि बसायचं. ती सुपारी म्हणजे बायको. आमच्यात असंच चालत आलंय."

"सुपारी?" ती म्हणाली. "काका, वो तो दिखेगी नहीं."

"दाखवायची नाहीच. मला माहीत असली म्हणजे झालं."

 तिने खाली मान घालून काहीतरी टिपलं. मला वाटलं, झालं, आता सुपारीला पिस्ता रंग देणार.

लग्नाच्या दिवशी तिच्या जाळीच्या अंतरपाटाकडे बघून गुरुजींनी नाक मुरडलं आणि खांद्यावरचं उपरणं काढून मध्ये धरलं. हार मुहूर्तावरच पडले. फिरतं स्टेज जागेवर उभं राहिलं, धूर तेवढा सुटला आणि अर्धं वऱ्हाड खोकलं. मग कन्यादानाची हाक आली.

मी कमरेला सुपारी खोचून गेलो. पाट आमचेच होते, घरून नेलेले, कारण बाईकडे नुसते सोफे. एका पाटावर मी बसायचं. शेजारी दुसरा पाट मांडलेला, आणि त्यावर एक पाटी चिकटवलेली. व्हीआयपी सोफ्यांवर लावतात ती, इंग्रजीत. वैशूने वाचली. "रिझर्व्ह्ड."

तेवढ्यात शोभा पदर सावरत आली. "भावजी, एकटे बरे दिसत नाही, मी बसते ना." तिने पाटी काढायला हात घातला आणि थीमवाली वॉकीटॉकी घेऊन आडवी आली. "आंटी, ये सीट बुक है. मम्मी की है."

गुरुजी वैतागले. "अहो बाई, सुपारी कमरेला आहे त्यांच्या. वेगळ्या पाटाचं काही कारण नाही. शास्त्रात नाही हे."

ती म्हणाली, "पंडितजी, आएंगी तो बैठेंगी कहाँ?"

गुरुजींनी पळी उचलून पुढचं सुरू केलं.  सगळ्या लग्नात तिला एक गोष्ट समजावून सांगितली होती, तीही तिला धड समजली नाही. फोटोवाला ओरडला, फ्रेम रिकामी दिसतेय म्हणून. तिने त्याला हाताने गप्प केलं. मी वैशूचा हात धरला, जावयाच्या हातात दिला, वर पाणी सोडलं.  वैशू सारखी त्या रिकाम्या पाटाकडे बघत होती. मी बघितलं नाही. मला तिथे कोण बसलंय ते माहीत होतं.

पाठवणी झाल्यावर थीमवाली आली, "काका, कुछ फीडबैक?"

मी सरळ सांगितलं. "बाई, तू आमच्या घरात रुळली नाहीस. तुझा रंग वेगळा, तुझी घाई वेगळी. कुणा मराठी माणसाने विचारलं तर मी तुझं नाव सांगणार नाही. तुझ्या जागी दुसरी कुणी आली असती तरी मला ती खुपलीच असती, ते वेगळं." तिला किती मराठी कळलं कोण जाणे. वाकून पाया पडली, आणि वॉकीटॉकीवर कुणाला तरी फुलं मोजायला सांगत निघून गेली. जेवलीसुद्धा नाही. तिला थांबवून वाढायचं कुणाच्या लक्षात आलं नाही. ते वैशूच्या आईच्या लक्षात आलं असतं.

पाट टेम्पोतून घरी आले. माझा मी फळीवर ठेवला. दुसऱ्यावरची पाटी निघेना. इंदूने ओल्या फडक्याने घासली, नखाने खरवडली. मी म्हटलं, "राहू दे." बाईने सगळ्या लग्नात एवढंच काम पक्कं केलं होतं. तो पाट आता भिंतीशी मांडलेला आहे. घरी कुणी आलं तर मी त्यांना खुर्ची देतो.