कार्डिफच्या टेबलावरचं चौथं ताट

ठण्ण!

आमच्या शाळेची घंटा म्हणजे लिंबाच्या फांदीला तारेनं टांगलेला रेल्वेच्या रुळाचा हातभर तुकडा. शिपाई त्यावर लोखंडी बोल्ट हाणायचा आणि तो आवाज ओढा ओलांडून थेट आमच्या वस्तीत यायचा. गावच्या देवळाला चांगली पितळी घंटा होती, पण तिच्या दोरीला हात लावायची आम्हाला मुभा नव्हती. रूळ मात्र सगळ्यांसाठी वाजायचा. त्याच्यामागून कवितेचा तास, गुरुजींची चाल, आमचे चाळीस बेसूर गळे. आज शहात्तराव्या वर्षी लंडनजवळच्या वॉटफर्डच्या स्वयंपाकघरात चहा ढवळताना चमचा कपावर आपटला, की तो ठण्ण अजून कानात उठतो आणि मी तिथल्या तिथे शाळेत पोचतो. मग सुमन, म्हणजे आमची मंडळी, म्हणते, “अहो, चहा गार झाला. या परत.”

तर कार्डिफला जायचं का ठरलं, ते आधी सांगतो.

आमची रविवारची बुद्धवंदना आणि तिच्यानंतरचा मुलांचा मराठीचा वर्ग इथल्या एका चर्चच्या हॉलमध्ये भरतो. बौद्धांना चर्चनं जागा दिली, याचं आजवर कुणाला नवल वाटलं नव्हतं. पण हॉलला लागून नॉर्मन नावाचे एक रिटायर्ड गृहस्थ राहतात. रविवारच्या आवाजाबद्दल त्यांनी चर्चच्या कमिटीकडे तक्रार केली. बायको आजारी आहे, तिला शांतता हवी, असं त्यांचं म्हणणं. तेव्हापासून आमची गाडी लागली की ते फाटकात उभे राहून फोनवर फोटो काढतात. कमिटीनं सांगितलं, महिनाअखेर ठरवू. कदाचित बाहेरच्या ग्रुपना रविवारी हॉल बंद. आम्ही भ्यालो. खिडक्या लावून घेतल्या. त्रिसरणसुद्धा चोरी केल्यासारखं पुटपुटायला लागलो.

वंदनेची सगळी व्यवस्था बघते ती प्रज्ञा. जन्म इथलाच, नोकरी कौन्सिलमध्ये, मराठी स्वतःची स्वतः कमावलेली. ती म्हणाली, “काका, इनफ इज इनफ. पुढच्या संडेला आपण त्याच्या गेटसमोर उभं राहू, बॅनर घेऊन. त्याची बायको कोणी बघितला आहे का? एक्स्क्यूज आहे तो!”

बऱ्याच माना हलल्या. मला मात्र आजारी बाईचं कारण पुढे आल्यावर त्या फाटकासमोर ओरडायचं कसं, हे समजेना. आणि गप्प बसायचं तर तेही जमेना. तेव्हा मला हॅलिना आठवली.

हॅलिना आणि मी इथल्या हॉस्पिटलच्या लॅबमध्ये बरोबर काम करत होतो. ती पोलंडची. आता मुलाजवळ कार्डिफला असते. डबा खाताना ती कधीतरी बोलून जायची, “आमच्याकडे लष्करी राजवट होती तेव्हा मी चर्चच्या तळघरात काम करायचे,” आणि पुढे काही विचारलं की सेंट्रिफ्यूजच्या यंत्राकडे निघून जायची. म्हटलं, प्रज्ञाला एक रविवार थांबायला सांगावं आणि आता जाऊन नीट विचारावं.

“भांडण इथं, आणि हे निघाले वेल्सला!” सुमन म्हणाली. आणि बॅग भरायला लागली.

ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी: वॉटफर्डहून युस्टन, तिथून पाच मिनिटं चालत युस्टन स्क्वेअर, मग ट्यूबनं, म्हणजे भुयारी गाडीनं, पॅडिंग्टन आणि तिथून थेट कार्डिफ. सीनियर रेलकार्ड असेल तर भाड्यातला एक तृतीयांश सुटतो, आणि तिकीट आधी काढलं तर आणखी बरं. सीट डावीकडची की उजवीकडची यावर वाद घालू नका, दोन्हीकडे मेंढ्याच दिसतात. बोगदा आला की मात्र बोलणं थांबवा. गाडी सेव्हर्न नदीच्या खालून जाते. डोक्यावर एवढं पाणी आणि आपण थेपल्याचा डबा उघडून बसलेले! मी डोळे मिटून दोन ओळी जुळवल्या:

माथ्यावरून वाही नदी, पायी रुळांची साखळी,
अंधार सोसून गाडी निघे उजेडाच्या राउळी.

“राऊळ कशाला?” सुमननं विचारलं. “आपल्याला कुणी आत घेत होतं का?”

मी ‘राउळी’ खोडलं. अजून दुसरं यमक सापडलेलं नाही.

कार्डिफला उतरलात की पाट्या दोन भाषांत, आणि वेल्श आधी. मला भलतंच बरं वाटलं. एवढ्या मोठ्या इंग्रजीच्या शेजारी राहून ही भाषा पाटीवर पहिल्या ओळीत ठाण मांडून बसलीय. जुन्या मार्केटमध्ये तव्यावरचे गरम वेल्श केक घ्या, साखर भुरभुरलेले, मनुका घातलेले, हातात धरवत नाहीत असे. बसमध्ये कार्ड टॅप करा. रोख दिलेत तर सुट्टे परत मिळत नाहीत, हे आम्ही अनुभवानं सांगतो.

हॅलिनाचं घर रोथ पार्कच्या तळ्याजवळ. तळ्यात एक पांढरं दीपगृह आहे, छोटंसं, खेळण्यातलं वाटावं असं. दारातच तिनं मला विचारलं, “कांबळे, अजून कविता म्हणतोस की दात गेले?” लॅबमध्ये सगळ्यांना आडनावानंच हाक मारायची तिची सवय गेलेली नव्हती.

जेवायला टेबल मांडलं होतं. बीटाचं लालभडक सूप आणि बटाट्याचं सारण भरलेल्या उकडलेल्या करंज्या, ज्यांना ती पिएरोगी म्हणते. आम्ही माणसं तीन, ताटं चार. सुमननं मला कोपरानं ढोसलं, “चौथं कोण?” मी म्हटलं, मुलगा येत असेल. आता आपली रीत अशी, की सगळे पानावर बसल्याशिवाय घास उचलायचा नाही. आम्ही बसून राहिलो. हॅलिनाची रीत अशी, की पाहुण्यांनी चमचा उचलल्याशिवाय यजमानानं उचलायचा नाही. तीही बसून राहिली. मी हवेबद्दल बोललो. मग रेल्वेबद्दल. मग माझ्या गुडघ्याबद्दल. सूपावर साय धरायची वेळ आली.

शेवटी ती म्हणाली, “कांबळे, आवडत नसेल तर सांग, टोस्ट करते.”

“अय्या, असं कसं?” सुमन म्हणाली. “पाहुणे येऊ देत की!”

“कुठले पाहुणे?”

सुमननं चौथ्या ताटाकडे बोट दाखवलं. हॅलिना हसत सुटली. डोळे पुसत उठली, सूप पुन्हा गरम करायला ठेवलं आणि स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून तिनं जे सांगितलं, त्यासाठीच मी एवढ्या लांब आलो होतो.

नाताळच्या आदल्या संध्याकाळी पोलंडमध्ये घरोघर एक ताट जास्त मांडतात. न सांगता कुणी आलं तर त्याच्यासाठी. हॅलिना आता एरवीही पाहुणे जेवायला असले की ते मांडते. हॅलिना विशीत होती तेव्हा तिच्या कारखान्याच्या गावात रणगाडे आले. फोन मुके झाले. युनियन बेकायदा, सभा बेकायदा. सरकारच्या मुठीत न मावलेली एकच जागा उरली होती, ती म्हणजे चर्च. तिथल्या पाद्र्यांनी तळघर उघडलं. बाहेरच्या देशांतून औषधांची खोकी यायची, ती ही मुलगी वेगळी करायची. ज्यांचे नवरे तुरुंगात, त्यांना साबण, दुधाची पावडर. संध्याकाळी त्याच तळघरात व्याख्यानं, इतिहासाचे वर्ग. सरकारी टीव्हीवर काम करायला नकार दिलेले नट तिथं येऊन कविता म्हणायचे.

“कविता?” मी ताडकन सरळ बसलो.

“झालं!” सुमन म्हणाली. “आता हे उठत नाहीत.”

“माझा बाप देव मानत नव्हता,” हॅलिना म्हणाली. “तोही यायचा. कुणी विचारलं नाही, प्रार्थना येते का. आणि शेवटच्या रांगेत एक माणूस बसायचा, तपकिरी कोटातला. तो पोलिसांचा आहे, हे सगळ्यांना ठाऊक होतं. मी पाद्र्यांना म्हटलं, ह्याला हाकला. ते म्हणाले, तो लिहून नेणारच आहे, मग खरं काय ते लिहून नेऊ दे. त्याच्यासाठी खुर्ची मांडायची, आणि सूपही द्यायचं. सूप मी द्यायचं! रागानं वाटी आदळायचे मी त्याच्यापुढे.”

“मग तो सुधारला?” मी विचारलं.

“कांबळे, तुझ्या शाळेतल्या कवितेत सुधारला असता. इथं एक दिवस तो गेला आणि दुसरा आला. त्यालाही खुर्ची दिली.” तिनं आत वळून सूप ढवळलं. “पण एकदा एक नट एक जुनी कविता म्हणताना मध्येच अडकला. ती आम्हा सगळ्यांना शाळेत पाठ होती. अख्ख्या तळघरानं पुढची ओळ म्हटली. मी मागे वळून पाहिलं. तपकिरी कोटाचे ओठ हलत होते. त्यालाही शाळेत तीच कविता होती ना!”

त्यानंतर मला पिएरोगीची चव कशी होती ते सांगता येणार नाही. सुमन म्हणते, छान होती.

दुपारी तळ्याभोवती चालताना मी तिला नॉर्मनचं प्रकरण सांगितलं. जरा लाजतच. लष्करी राजवट कुठं आणि वॉटफर्डच्या फाटकातला म्हातारा कुठं!

“तुलना नको करूस,” ती म्हणाली. “आमच्याकडे माणसं मेली. पण मला एक सांग, तुम्ही खिडक्या का लावून घेतल्या?”

“आवाज जाऊ नये म्हणून.”

“आम्ही कडाक्याच्या थंडीत तळघराचं दार उघडं ठेवायचो. लपून केलं की आपल्यालाच ते पाप वाटायला लागतं. आवाज बेताचा ठेवा, पण खिडक्या उघडा. आणि खुर्ची एक जास्त मांडा.”

“म्हणजे नमतं घ्यायचं?” सुमननं विचारलं.

“नमतं? बाई, आम्ही महाहट्टी होतो! दर आठवड्याला तिथंच, त्याच वेळी. त्यांना कंटाळा आला, आम्हाला आला नाही.”

मला माझ्या वडिलांची पिढी आठवली. पाण्याच्या ओंजळीसाठी तळ्याकाठी शिस्तीत चालत गेलेली ती माणसं. हातात काठी नाही, आणि पाऊल मागे नाही. हे मला कार्डिफला येऊन आठवावं लागलं, याची गंमत वाटली आणि थोडी खंतही.

रविवारी सकाळी तिच्याबरोबर पोलिश मासला, म्हणजे चर्चमधल्या प्रार्थनेला, गेलो. आम्ही बौद्ध, तेव्हा गुडघे टेकले नाहीत; मागे उभे राहिलो. कुणी वळून पाहिलं नाही. बाहेर आल्यावर हॅलिना म्हणाली, “हल्ली माझं ह्यांच्याशी बऱ्याच गोष्टींत पटत नाही. भांडते मी. पण त्या हिवाळ्यात दार ह्यांनीच उघडलं होतं, ते विसरता येत नाही.” चर्चच्या हॉलमध्ये कॉफी आणि खसखशीचा केक. आणि टेबलाशी एक रिकामी खुर्ची. आता ती मला लगेच दिसली.

परतीच्या गाडीत बोगदा कधी गेला, कळलं नाही.

घरी आल्यावर प्रज्ञाला सगळं सांगितलं. ती ऐकत होती, पण भुवया वर. “काका, विंडो उघडली तर तो लगेच फोटो काढेल. मग कमिटीला दाखवेल.”

“दाखवू दे. फोटोत काय येईल? पोरं बाराखडी गिरवताना दिसतील.”

“आणि महिनाअखेरच्या मीटिंगमध्ये कमिटीने नाही सांगितलं तर?”

“कमिटीपुढे आपण सगळे जाऊन बसू, शांतपणे बोलू. तरी कुलूप लावलं, तर पुढच्या रविवारी बाहेरच्या पायऱ्यांवर सतरंजी टाकू. त्याच वेळी.”

तिनं फोनमध्ये रविवारची वेळ टिपून घेतली. मग म्हणाली, “सतरंजी माझी घरी आहे. मोठा आहे.” बॅनरचं नाव पुन्हा निघालं नाही.

आता तुम्ही विचाराल, या सहलीतनं काय घरी आलं? फ्रीजवर वेल्सच्या झेंड्यावरच्या ड्रॅगनचा एक मॅग्नेट आहे. बीटाचं सूप सुमन करते, कोकम घालून, आणि त्याला सार म्हणते. आणि ते तपकिरी कोटातले हलणारे ओठ. ते काही केल्या जात नाहीत. जो आपल्यावर पाळत ठेवायला येतो, तोही कुठल्यातरी शाळेच्या घंटेला धावत गेलेला असतो. हे कळल्यानं भीती सगळी जाते असं नाही, पण खिडकीची कडी काढण्याइतका जोर हातात येतो.

काल रविवार होता. मी स्वतः हॉलच्या चारही खिडक्या उघडल्या. बाहेर नॉर्मन फाटकात, फोन हातात. मी हात केला, त्यांनी केला नाही. दाराजवळ एक खुर्ची जास्त मांडली आणि दार लोटलं नाही. वंदना सुरू झाली. सुरुवातीला आम्ही सवयीनं पुटपुटलोच, मग पोरांनी सूर धरला आणि बऱ्याच आठवड्यांनी ते शब्द पुरते तोंडाबाहेर पडले. खिडकीतून पाहिलं, तर फाटकात कुणी नव्हतं. प्रज्ञानं माझ्याकडे बघितलं. गेले कमिटीला फोन करायला, असंच आम्हा दोघांच्या मनात आलं.

वंदना संपत आली तशी पायरीवर काहीतरी खरवडल्याचा आवाज झाला. वॉकिंग फ्रेमचा. दारात एक बारकुडी बाई उभी होती. घरातल्या सपाता, अंगात उलटसुलट बटणं लावलेला कार्डिगन. तिला आम्ही कुणीच कधी पाहिलं नव्हतं.

“मी शेजारची,” ती धापा टाकत म्हणाली. “आज खिडक्या उघड्या होत्या. रविवारी पडल्या पडल्या मी तुमचं गाणं ऐकायचे. मध्ये एकदम बंद झालं. मला वाटलं, तुम्ही जागा सोडून गेलात.”

तिच्या मागे, तिच्या कोपराला धरून, खाली बघत नॉर्मन उभे होते.

सुमन तेवढी उठली. “जयभीम, या, या,” म्हणत तिनं बाईंना खुर्चीवर बसवलं आणि माझ्याकडे वळली.

“अहो, बघत काय राहिलात? एकच मांडलीत. दुसरी आणा.”