जयवंताबाईंना कळणारं इंग्रजी

आंजीच्या जयवंताबाई वीस वर्षं एका दवाखान्यात आया आहेत. इंग्रजीचं एक अक्षर येत नाही. पण वॉर्डातले डॉक्टर आपसात "चिल ब्रो", "ऑल सेट बॉस" करत असले, की पेशंट घरी जाणार, हे त्यांना कळतं. तेच डॉक्टर पुस्तकातलं, पूर्ण वाक्यांचं इंग्रजी बोलू लागले, की त्या नातेवाइकांना हळूच सांगतात, "घरच्यायले बोलावून घ्या." एकदाही चुकल्या नाहीत.

परवा त्याच वॉर्डात त्यांचे यजमान, बबनराव भरती होते. एरवी "हाय मावशी" म्हणणारा डॉक्टर साकेत मोठ्या डॉक्टरांशी सावकाश, शुद्ध इंग्रजीत बोलत होता. एखादं तरी "ब्रो" कानावर पडेल म्हणून जयवंताबाई दाराशी थांबून राहिल्या.

साकेत बाहेर आला. "मावशी, जरा बसा."

"पोरीले बोलावून घेतलं मी," त्या म्हणाल्या, "मघाशीच."