वाघचौऱ्याची पावलं

सुनेबरोबर गौर आणायला माळावर गेले, तर वाघचौऱ्याच्या फुलांचा गोड वास आला आणि इथला, सासरच्या कडाव गावातला, माझा पहिला भादवा आठवला. तेव्हा बोरघाटात रेल्वेचे सुरुंग उडत होते.

आमच्यात गौर म्हणून तेरडा मुळासकट उपटतात; मुळं म्हणजे तिची पावलं. मी नवी नवरी. पांढऱ्या झालरीचा वाघचौरा दिसला, वाटलं, हीच खरी गौर, आणि उपटलाच! खाली दोन कंद, एक सुरकुतलेला, एक टच्च भरलेला. वाटलं, सोबतच्या सासूबाई आता रागावणार.

त्या मात्र खाली बसल्या. "ह्यो औंदाच्या फुलापायी सुकला. ह्यो म्होरल्या सालाचा. ह्या गौरीची पावलं हितंच ऱ्हाऊ देत गं." हलक्या हाताने त्यांनी तो पुन्हा पुरला.

सासूबाई कधीच गेल्या. वाघचौरा त्याच जागी, दरसाल नव्या पावलावर उभा.